पुसलेल्या टेपवरची मुलगी

"सांगतो, पण यावर तुमच्यापैकी एकही विश्वास ठेवणार नाही," मामा म्हणाला, आणि त्यात नवल काही नव्हतं. त्याचा अर्धा जन्म लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करण्यात गेला होता, उरलेला थापा मारण्यात.

भाची त्याच्यासमोर बसली होती. या घरातून ती मुलगा म्हणून गेली होती. बऱ्याच वर्षांनी परतली ती कानात डूल घालून. तिला एकच गोष्ट हवी होती. लहानपणी ती फ्रॉक घालून घरभर नाचली होती, आणि मामाने ते टेपवर घेतलं होतं, ती टेप. असलं काही झालंच नाही, मनाचे खेळ, असं आई दर वेळी फोनवर सांगायची. जी आठवण दुसऱ्या कुणालाच नाही, ती हळूहळू आपल्यालाही खोटी वाटायला लागते.

आई कोपऱ्यात शिवणयंत्रावर पडदे शिवत होती. सकाळपासून तिची मोठी कसरत चालली होती. 'आलास' म्हणायचं नाही आणि 'आलीस'ही नाही, म्हणून येणं कसं झालं, चहा घ्यायचा का, अंघोळ उरकली का. पोटच्या लेकराशी ती सरकारी पत्रासारखं बोलत होती.

मामाचं म्हणणं असं, की आईने टेप त्याच्या हातात कोंबली आणि पुसून टाक म्हणाली. त्याने तिच्यावर एका लग्नाचं शूटिंग भरलं. त्या घरच्यांना दाखवायला बसला, तर जेवणाच्या टेबलामागे एक फ्रॉकवाली मुलगी उभी. मुलाकडच्यांना वाटलं मुलीकडची, मुलीकडच्यांना वाटलं मुलाकडची. दोन्हीकडचे म्हणाले, गोड आहे हो. त्याने पुन्हा पुसून एका दुकानाचं उद्घाटन भरलं. फितीपलीकडे तीच, वीतभर उंच झालेली. शेवटी वैतागून त्याने कॅमेरा कोऱ्या भिंतीसमोर लावला आणि नुसती भिंत भरली.

"मग?" भाचीने पुढे सरकत विचारलं.

"बराच वेळ भिंतच. मग ती बाजूने आली, भिंतीला टेकून बसली आणि सरळ माझ्याकडे बघून म्हणाली, 'मी आले.'"

 लहानपणी खेळून परतली की भाची दारातून हेच ओरडायची. 'आले नाही, आलो म्हण,' असं त्याच दारात तिच्याकडून किती वेळा घोटून घेतलं होतं. शेवटी ती काही न बोलताच आत यायला लागली. मग जी बोलायची ती गेली कुठे? इतकी वर्षं ती लोकांच्या लग्नांत, दुकानांत कुणाची कोण म्हणून उभी होती?

शिवणयंत्र केव्हाचं थांबलं होतं.

"तोच लाल फ्रॉक," मामा रिकाम्या कपात बघत म्हणाला, "बाजारातून आणलेला, तो गुडघ्यापर्यंतचा..."

"लाल कुठला? काहीही ठोकून देतोस," आई म्हणाली. "पिवळा होता. फुग्याच्या बाह्यांचा. आणि बाजारातला नव्हता. मी शिवला होता तिच्यासाठी."