पाच-बाराचा दोर

माझे बाबा खुशाल ढिवर. मार्कंड्याच्या जत्रेला जाणाऱ्यांसाठी आमच्या नाल्यावर दोर तेच बांधायचे. दोन काठांवर दोन झाडं, मध्ये दोर. डोंग्यात, म्हणजे लहान नावेत, उभं राहून तो धरायचा आणि डोंगा पलीकडे ओढायचा. मध्ये दोर किती लोंबू द्यायचा, तो झोळ बाबा नजरेनेच जमवत. पण पंच्याऐंशी साली डोळ्यांत मोतीबिंदू उतरला, दोर खाली लोंबला आणि जत्रा समितीच्या गुणवंतरावांची टोपी पाण्यात गेली. माणूस टोपी विसरला, पण राग काही विसरला नाही.

पुढच्या वर्षी ते घरी आले. "खुशालभाऊ, तुमी आता बसा. यंदा दोर तो तरणा देवराव बांधन."

त्या रात्री बाबा जेवले नाहीत. डोळ्यांचं ऑपरेशन जत्रेनंतर होतं. दोर गेला की बाबा गावात नुसते म्हातारे उरणार, हे मला दिसत होतं आणि माझं डोकं फिरलं होतं.

मी गडचिरोलीला बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षाला होते. तेव्हाच गणितात इन्व्हर्स हायपरबोलिक फंक्शन्स चालू होती. आमचे सर म्हणायचे, "साइन-कॉसची ही चुलत भावंडं. ती वर्तुळावर खेळतात, ही हायपरबोलावर. परीक्षेला येतात, पुढे कुठे भेटत नाहीत." पण पुस्तकात एक ओळ होती: लोंबता दोर कॉशच्या, म्हणजे हायपरबोलिक कॉसच्या, वक्रात लोंबतो.

"बाबा, झाडाझाडात अंतर किती?"

"पावणेएकोणपन्नास हाताले जरासं कमी. झोळ पाच हात. काऊन?"

बसले लॉग टेबल घेऊन. त्या वक्राला एक आकडा लागतो, तो अंदाजाने धरायचा. पन्नास धरला, चुकला. सत्तर धरला, चुकला. साठ धरला. झोळ मिळवून पासष्ट भागिले साठ, त्याचा इन्व्हर्स कॉश निघाला दीडचा लॉग. दोन्ही बाजू मिळून साठाची दुप्पट, म्हणून एकशेवीसने गुणलं, तर अठ्ठेचाळीस पूर्णांक पासष्ट. अंतर जुळलं! आणि झाडापाशी दोराचा उतार आला बारा हातांना पाच हात. पाच, बारा, तेरा! शाळेतला काटकोन त्रिकोण! मी अंगणात उडीच मारली.

म्हणजे मधला झोळ बघायची गरजच नव्हती. झाडापाशी कोन बरोबर बसला की झोळही बरोबर. बाबांचे हात तर शाबूत होते.

बांबूच्या तीन कमच्या पाच, बारा, तेरा बोटं मापून बांधल्या. उभ्या बाजूला सुताने खडा लोंबवला, ती सरळ आहे हे बोटांना कळावं म्हणून.

जत्रेच्या आदल्या दिवशी बाबा समितीला म्हणाले, "एकडाव बांधतो. कोनी वरखाली ओरडाचं नाई. नाई जमलं तं दोर देवरावचा."

पलीकडचं टोक देवरावने बांधलं. इकडे बाबांनी डोळे मिटले, त्रिकोण दोराखाली धरला आणि दोर हळूहळू ताणत गेले. तेरा बोटांची कमची दोराला चिकटली तशी गाठ मारली.

डोंग्यात गुणवंतराव स्वतः उभे राहिले, एक हात टोपीवर. मध्यावर पोचले आणि टोपीवरचा हात सुटून सरळ दोरावर गेला. टोपी जिथल्या तिथे.

"खुशालभाऊ," ते डोंग्यातून ओरडले, "पुढच्या वर्षीबी तुमीच!"

काठावर एकच हशा झाला. बाबांनी त्रिकोण कमरेला खोचला.

"गोकुळा, हे तुह्या पुस्तकात कोनं लिवलं?"

"नाव नाई दिलं, बाबा."

"भेटला तं सांगजो त्याले," बाबा हसत म्हणाले, "दोर बसला म्हनावं."