सासऱ्याच्या गोळ्या

चाबकाचा तिसरा फटका बसला तेव्हा एलामानच्या सदऱ्याची शिवण टरकन उसवली. घोडा बांधायच्या खांबाला धरून तो अंगणात उभा होता आणि त्याचा बाप, केरिमकुल, त्याला फोडून काढत होता. एलामान स्वतः दोन पोरांचा बाप असलेला धडधाकट गडी; पण आमच्या डोंगरात बापाने चाबूक उचलला की मुलाने हात उचलायचा नसतो.

"माझ्यापासून लपवतोस?" केरिमकुल ओरडला. त्याच्या डाव्या मुठीत गोळ्यांचं खोकं आणि डॉक्टरणीची चिठ्ठी चुरगळली होती. "फुफ्फुसं पार निकामी होत आलीत म्हणे! तुझ्या थोरल्या भावाला बर्फाने गिळलं. आता तू धुराने मरणार काय रे, हरामखोरा?"

चौथा. पाचवा. दाराशी उभ्या असलेल्या बुरुलने डोईच्या रुमालाचं टोक दातांत धरलं. नवरा मार खात होता आणि चूक तिची होती.

सिगारेट सोडवायच्या त्या गोळ्या खरं तर सासऱ्यासाठी होत्या. म्हातारा दिवसाला दोन पाकिटं ओढायचा आणि रात्रभर खोकायचा. वसंतात छातीचे फोटो काढायला आलेल्या डॉक्टरने बजावलं होतं, सिगारेट सुटली नाही तर पुढचा हिवाळा काही खरा नाही. त्याने दिलेली चिठ्ठी केरिमकुलने चुलीत घातली. समजवायला आलेल्या नर्सवर कुत्रं सोडलं. शेवटी बुरुल एकटीच दवाखान्यात गेली. तिथे नवी डॉक्टरीण आली होती. बुरुलने तिला खोकला सांगितला, दम सांगितला, पाकिटं सांगितली.

"पेशंटचं नाव?" डॉक्टरणीने विचारलं.

सुनेने सासऱ्याचं नाव घ्यायचं म्हणजे त्याच्या दाढीला हात घातल्यासारखं. लग्नाच्या सात वर्षांत ते तिच्या ओठांवर आलं नव्हतं, आणि रांगेत तिच्या मागे नेमकी सासऱ्याची थोरली बहीण उभी होती.

"नवऱ्याचं ना?" डॉक्टरीण वैतागली.

बुरुलने मान डोलावली. डॉक्टरणीने कुटुंबाच्या कार्डावरून एलामानचं नाव उतरवून घेतलं आणि फुफ्फुसांचं सगळं त्याच्याच नावावर लिहिलं. औषध मिळाल्याशी कारण, नाव कुणाचंही असो, असं बुरुलला वाटलं. शहाणीच ती!

एलामानला हे सगळं ठाऊक होतं. तो स्वतः महिन्याकाठी एखादी ओढायचा, तीही तबेल्यामागे लपून. एक वाक्य बोलला असता तर चाबूक थांबला असता. पण मग हेही खोकं चुलीत गेलं असतं. बुरुलने तोंड उघडलं तशी त्याने तिच्याकडे पाहून नकारार्थी मान हलवली. सहावा फटका मानेवर बसला आणि रक्त आलं.

मग म्हाताऱ्यालाच दम लागला. तो पायरीवर बसून खोकला, थुंकला.

"सूनबाई, कशा घ्यायच्या या?"

"सुरुवातीला दर दोन तासांनी एक, आबा. आणि पाचव्या दिवसापासून सिगारेट बंद."

"हा चोर थुंकून टाकेल. माझ्यासमोर घ्यायची. एक मी गिळेन, एक हा. मी सोडतो. मग बघतो हा कसा सोडत नाही ते!"

चार दिवस बाप-लेक समोरासमोर बसून गोळ्या गिळत होते. बुरुल आतून आनंदली होती आणि तिला त्या आनंदाची लाजही वाटत होती.

पाचव्या दिवशी दुपारी केरिमकुलने घर उलथंपालथं केलं. गाद्या फाडल्या, पिठाचं पोतं लाथेने उडवलं. सिगारेटचं शेवटचं पाकीट बुरुलच्या खिशात होतं.

"दे इकडे!"

"नाही देणार, आबा."

त्याने चहाची किटली भिरकावली. ती चौकटीवर आदळली आणि उकळता चहा बुरुलच्या हातावर सांडला. ती किंचाळली, पण दुसरा हात तिने खिशावरून काढला नाही. चाबूक उचलला गेला तेव्हा एलामान आत धावला आणि दोघांच्या मध्ये बापाकडे पाठ करून उभा राहिला.

"मारा. हवं तर सोलून काढा," तो म्हणाला. "पण ओढायची नाही."

केरिमकुलने मारलं. जुने वळ उघडले, सदरा लाल झाला. दुसरा फटका मारायला हात वर गेला आणि खोकल्याने म्हाताऱ्याला कमरेतून मोडलं. तो पडणार, एवढ्यात एलामानने वळून त्याला मिठीत धरलं.

खोकला थांबला तरी केरिमकुल सरळ झाला नाही. जन्मभर मेंढ्या राखलेला माणूस तो; आजारी मेंढीच्या बरगडीला कान लावून ती जगणार की जाणार, हे सांगणारा. त्याचा कान मुलाच्या छातीवर टेकला होता. तो हलेना. मग त्याने दुसऱ्या बाजूला कान लावला.

"श्वास घे," तो म्हणाला. "जोरात घे."

एलामानने घेतला. छाती स्वच्छ वाजली. बुरुलची नजर गोळ्यांच्या खोक्याकडे गेली. चूल म्हाताऱ्यापासून दोन हातांवर होती आणि खोकं तिच्यावरच्या फळीवर.

केरिमकुलने चाबूक खाली टाकला. मुलाच्या पाठीवरून फिरवलेला हात त्याने स्वतःच्या डोळ्यांसमोर धरला आणि बराच वेळ त्या रक्ताकडे पाहत राहिला.

"सूनबाई," तो म्हणाला, "आजपासून याला देऊ नकोस. मला पुरायला हव्यात."