आधी बॅकअप, मग गप्पा

मास्टरांच्या दुकानात शिरलेल्या कुठल्याही गेमची पहिली पाच मिनिटं मास्टरांची असत. गिऱ्हाईक बिघडलेला डबा घेऊन येवो नाहीतर नव्या गेमची कोरी डिस्क मिरवत येवो, मास्टर आधी हात पुढे करायचे. "आण इकडे. आधी बॅकअप, मग गप्पा." डबा म्हणजे गेम खेळायचं यंत्र. कंपनीने त्याला कितीही झोकदार नाव ठेवलेलं असो, मास्टरांच्या तोंडी तो डबाच.

त्याला कारणही तसंच घडलं होतं. पंधरा वर्षांपूर्वी एका गिऱ्हाइकाने दोन वर्षं खपून जमवलेला अख्खा खेळ मास्टरांच्या हातून एका क्षणात पुसला गेला. चांगला मिशीवाला बाप्या, पण काउंटरवर डोकं टेकून लहान पोरासारखा रडला. तेव्हापासून मास्टरांनी कानाला खडा लावला: जे येईल त्याची कॉपी काढायची आणि मोठ्या हार्ड डिस्कवर ठेवायची. आता त्याच कॉप्या पुढे गावभर का जायच्या, त्या खड्यात ते कुठे बसत होतं, ते विचारू नका. विचारलंत तर ते चष्मा पुसायला घ्यायचे. एका काडीला काळा दोरा बांधलेला तो चष्मा पुसायला त्यांना भरपूर वेळ लागायचा.

आणि सगळ्यात गंमत म्हणजे मास्टर स्वतः खेळायचे नाहीत. डिस्कवर हजारो गेम, पण एकही पुरा पाहिलेला नाही. कॉपी झाली, पडद्यावर पहिलं चित्र उमटलं, की बंद. "आचाऱ्याने चाखून बघायचं असतं, पंगतीत बसायचं नसतं," असं म्हणून मोकळे व्हायचे.

पंगतीत बसायची ती त्यांची लेक. शाळा सुटली की काउंटरमागच्या उंच स्टुलावर, पाय लोंबकळत, अर्धा वेळ गृहपाठ आणि अर्धा वेळ गेम. चौथीत असताना तिने विचारलं होतं, "बाबा, हे बनवतं कोण?"

"कंपनी."

"पण कंपनीत कोण?"

"तू खेळ गं गपचूप," मास्टर म्हणाले होते, कारण उत्तर त्यांनाही ठाऊक नव्हतं. तीच पोरगी आता चित्रं काढणारी एक मैत्रीण आणि एक संगीतवाला असे तिघं मिळून, लाँड्रीच्या वरच्या खोलीत बसून, गेम बनवत होती. दोन वर्षं झाली होती. एका मुलीचं कासव हरवतं आणि ती ते शोधत गावभर फिरते, असा तो गेम. "कासव म्हणजे फार पळापळ नसणार," मास्टर म्हणाले होते, तेव्हा लेक दोन दिवस फुगून बसली होती.

गेम बाजारात यायला तीन आठवडे उरले असताना, एका गुरुवारी सकाळी, ती दुकानात आली आणि तिने नखाएवढं मेमरी कार्ड काउंटरवर ठेवलं.

"बाबा, हा पुरा गेम. बाहेर कुणालाच दिलेला नाही. फक्त तुम्हाला."

"अगं वा! आण इकडे."

"ऐका तर! तुमच्या कॉपीत मी एक गंमत घातली आहे. ती दुसऱ्या कुणाच्याच कॉपीत नाही, आमच्या त्या दोघांच्याही नाही. तिसऱ्या टप्प्यात एक दुकान लागतं. तिथे पोचलात की मला फोन करा."

"करतो की," मास्टर म्हणाले. त्यांचा ऊर खरंच भरून आला होता. लेक पायऱ्या उतरून रस्त्याला लागेपर्यंत ते दारात उभे राहिले. मग आत आले, कार्ड लावलं, आणि पाच मिनिटांत लेकीचा गेम मोठ्या डिस्कवर, डावीकडच्या 'नवीन' या फोल्डरमध्ये जाऊन बसला. पहिलं चित्र उमटलं: एक मुलगी, डोक्यावर रिकामी टोपली. मास्टर खुदकन हसले. सावकाश, निवांत बसून खेळू, असं त्यांनी मनाशी ठरवलं, आणि डबा बंद केला.

दुसरा दिवस शुक्रवार. शुक्रवारी जाड्या यायचा. जाड्याचं असंच दुकान बाजाराच्या पलीकडच्या टोकाला, आणि दोघांचा गेल्या चौदा वर्षांचा नेम: याची डिस्क त्याने न्यायची, त्याची याने, ज्याच्याकडे जे नवीन ते दुसऱ्याने उतरवून घ्यायचं. चहा झाला, डिस्कांची अदलाबदल झाली, जाड्या गेला. मास्टरांच्या मनात काही, अगदी काही आलं नाही. चौदा वर्षांची सवय, हाताला डोकं लागत नाही.

सोमवारी लेकीचा फोन. "पोचलात का दुकानापर्यंत?"

मास्टर एका डब्याचा पंखा उघडून बसले होते, तोंडात स्क्रू. तो बाजूला काढून म्हणाले, "पोचलो म्हणजे काय! कधीच पोचलो."

"मग फोन नाही केलात तो?"

"अगं, गिऱ्हाइकं."

"बरं, दुकानदार कसा वाटला?"

आता आली का पंचाईत! पण इतकी वर्षं दुकान चालवलेला माणूस असा अडतो होय? "दुकानदार ना? चोख माणूस," मास्टरांनी ठोकून दिलं. "आपल्या कामात एकदम तरबेज."

पलीकडे लेक हसत सुटली. हसून हसून तिला ठसका लागला. एवढं हसण्यासारखं आपण काय बोललो, ते मास्टरांना कळलं नाही, पण पोरगी खूश आहे ना, मग झालं. त्यांनी स्क्रू परत तोंडात धरला.

नऊ दिवसांनी पुन्हा फोन आला. तेव्हा आवाज बसलेला होता.

"बाबा, गेम बाहेर फुटला. जिथे तिथे फुकट वाटतायत."

मास्टर ताडकन उठले. "कुणी? कुणी केलं? दोन वर्षं पोरं डोळे फोडून घेतायत आणि हे हरामखोर बसल्या जागी... हात कलम केले पाहिजेत एकेकाचे! नाव कळू दे मला फक्त!"

बराच वेळ फोनवर लाँड्रीच्या यंत्राची घरघर तेवढी ऐकू येत राहिली.

"जाऊ दे बाबा," ती शेवटी म्हणाली. "तुम्ही चिडू नका. गोळी घेतलीत ना आजची?"

दुपारी बसड्रायव्हर आला. दोन फेऱ्यांच्या मधल्या तासात दुकानात येऊन बसायचं, ही त्याची जुनी सवय. हातात धरून खेळायचा छोटा डबा त्याच्या खाकी खिशात कायम असायचा. आल्या आल्या ओरडला, "मास्टर, पार्टी पाहिजे! तुम्ही गेममध्ये आलात!"

"काहीतरीच काय."

"अहो बघा तरी!" त्याने डबा मास्टरांच्या नाकासमोर धरला. डोक्यावर टोपली घेतलेली मुलगी एका बोळात उभी होती. समोर एक बुटकं दुकान. काउंटरमागे एक माणूस, कानावर पेन, चष्म्याच्या काडीला काळा दोरा. मुलगी जवळ गेली तसा त्याने हात पुढे केला आणि त्याच्या डोक्यावर अक्षरं उमटली: "आण इकडे. आधी बॅकअप, मग गप्पा."

"आता पुढे बघा," ड्रायव्हर हसून लोटपोट झाला होता. "एवढी वणवण करून पोरीला कासव सापडलेलं असतं, ते हा बाबा घेतो आणि त्याची दोन करून देतो! मग खरं कुठलं ते आपण ओळखत बसायचं. च्यायला, कुणी बनवला असेल हो हा गेम, तुम्हाला ओळखणाराच कुणीतरी असणार."

मास्टर कासवांकडे बघत नव्हते. दुकानदाराच्या मागे, उंच स्टुलावर, एक छोटी मुलगी वहीत काहीतरी लिहीत बसली होती. तिचे पाय जमिनीला टेकत नव्हते.

"हा तुला कुठे मिळाला?" त्यांनी विचारलं.

"जाड्याकडे. परवाच टाकून घेतला. का हो?"

मास्टरांना लेकीचे शब्द आठवले. तुमच्या कॉपीत एक गंमत आहे, दुसऱ्या कुणाच्याच कॉपीत नाही. मग गावभर फिरतेय ती त्यांचीच कॉपी. ज्याचे हात कलम करायचे होते तो इथेच, चष्म्याला दोरा बांधून बसला होता. आणि हे लेकीला सकाळी फोन करतानाच ठाऊक होतं. फुटलेला गेम तिने उघडून बघितला असणार, तिसऱ्या टप्प्यापर्यंत गेली असणार. बापाच्या शिव्या तिने सगळ्या ऐकून घेतल्या आणि वर गोळीची आठवण केली.

त्यांनी जाड्याला फोन लावला. "अहो मास्टर, तुमच्याच डिस्कवर होता, 'नवीन'मध्ये," तो बिचारा म्हणाला. "मला काय स्वप्न पडणार होतं?" त्याचंही बरोबरच होतं.

घरी बायकोने सगळं ऐकून घेतलं आणि कपाळाला हात लावला. "पोटच्या पोरीच्या गेमची पण कॉपी? तुम्हाला म्हणावं तरी काय!" मग जरा वेळाने मऊ आवाजात म्हणाली, "तिला तोंडाने सांगून या. फोनवर नको."

दुसऱ्या दिवशी मास्टरांनी इतक्या वर्षांत पहिल्यांदा कामाच्या दिवशी दुकान बंद ठेवलं आणि लाँड्रीचा जिना चढले. खोलीत तीन टेबलं, भिंतभर कासवांची चित्रं, आणि तिघंही तीन दिशांना तोंडं करून बसलेली. लेक उठली. "बाबा, तुम्ही? चला, खाली चहा घेऊ."

"चहा नको. मला तिघांशीही बोलायचंय."

"बाबा, काही गरज नाही..."

"गेम माझ्याकडून फुटला," मास्टर म्हणाले. "मी कॉपी काढली, ती शुक्रवारी दुसऱ्या दुकानात गेली. मुद्दाम नाही केलं, पण केलं मीच."

चित्रवाली खुर्चीतच वळली. तिने मास्टरांकडे बघितलं, मग लेकीकडे. "तू तर म्हणालीस, कार्ड तुझ्या हातून बसमध्ये पडलं."

"कालपासून आम्ही हिच्याशी धड बोललेलो नाही," संगीतवाला पुटपुटला आणि कानावरचे हेडफोन काढून टेबलावर ठेवले. दोघं जण काहीतरी निमित्त काढून खाली गेले. शहाणी पोरं होती.

"माझ्यासाठी खोटं बोललीस?" मास्टरांनी विचारलं.

"कॉपीचं सोडा हो बाबा," लेक म्हणाली. "तुमच्या हातात कार्ड दिलं म्हणजे त्याची कॉपी निघणार, एवढं मला कळायला नको होतं? मीच सांगायला हवं होतं, या वेळी नका काढू म्हणून. तो मूर्खपणा माझा." तिने मास्टरांकडे बघितलं. "पण तुम्ही दुकान बघितलंत ना? चोख माणूस म्हणालात. मी इतकी हसले त्या दिवशी. म्हटलं, बाबांना आवडलं, स्वतःवरच विनोद करतायत."

गप्प राहिलं असतं तरी चाललं असतं. पोरीला कधीच कळलं नसतं.

"मी खेळलोच नव्हतो गं," मास्टर म्हणाले. "पहिलं चित्र बघितलं आणि बंद केला. दुकान काल बघितलं. ड्रायव्हरच्या डब्यात."

लेकीच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. गेम फुटला तेव्हा ती रडली नव्हती, दोघं अबोला धरून बसले तेव्हाही नाही. तिने ओढणीने डोळे पुसले आणि पडद्याकडे तोंड केलं. "बरं. तुम्ही या आता. मला काम आहे," एवढंच म्हणाली. मास्टर जिना उतरले, तेव्हा पायऱ्या दिसत नव्हत्या.

गेम ठरल्या दिवशी बाजारात आला. लोकांनी घेतला म्हणावा तर घेतला, नाही म्हणावा तर नाही. मास्टरांनी शोकेसमधला एक कोराकरकरीत डबा उतरवला, ज्याला त्यांचा स्क्रू ड्रायव्हर कधी लागला नव्हता, आणि जन्मात पहिल्यांदा गेम विकत घेतला. खातं उघडताना डब्याने तीनदा पासवर्ड नाकारला. "विकत घेणं इतकं अवघड करून ठेवलंय, म्हणून माणसं माझ्याकडे येतात," असं ते करवादले, पण घेतला. उतरवून झाल्यावर हात सवयीने केबलकडे गेला. त्यांनी केबल उचलून खणात टाकली आणि खण लावून घेतला.

रोज सकाळी, शटर अर्धं खाली ठेवून, ते खेळायला लागले. बोटं स्क्रूला सरावलेली, उडी मारायला नाही. ती टोपलीवाली पोर नदीत किती वेळा बुडाली त्याला गणती नाही. सहा दिवस नदीतच गेले. बायको यायची, बघायची आणि म्हणायची, "आज तरी पलीकडे न्या हो तिला, पडसं होईल." दुकानात कुणी कासवाचा गेम कॉपी करून मागितला की मास्टर म्हणायचे, "तो नाही मिळणार. विकत घे."

"आणि बाकीचे?" एकाने खवचटपणे विचारलं. "ते काय आभाळातून पडतात?"

मास्टरांनी चष्मा पुसायला घेतला, पण या वेळी पुसून होईना. हे बनवतं कोण, असं एका पोरीने याच काउंटरमागून विचारलं होतं. पुढच्या शुक्रवारी त्यांनी जाड्याला चहा पाजला. डिस्क दिली नाही.

एकोणिसाव्या दिवशी सकाळी पोर नदीपार झाली, गच्च्यांवरून उड्या मारत गेली आणि तिसऱ्या टप्प्यात उतरली. बोळ आला. मास्टरांनी मन घट्ट केलं. दुकान फक्त त्यांच्या कॉपीत होतं, विकायच्या गेममध्ये ते असणार नाही, इथे नुसती भिंत असेल. तरीही इथवर यायचंच होतं.

बोळ वळला, आणि समोर दुकान होतं. काउंटर, कानावरचं पेन, काळा दोरा, स्टुलावरची पोर. मास्टरांनी टोपलीवालीला हळूहळू पुढे नेलं. दुकानदाराने मान वर केली. या वेळी त्याने हात पुढे केला नाही. त्याच्या डोक्यावर अक्षरं उमटली:

"पोचलात एकदाचे? बसा. आधी गप्पा."

मास्टर बघत राहिले. मग चष्मा काढला, डोळे बाहीला पुसले आणि फोन लावला.

"पोचलो गं," ते म्हणाले. "खरंच पोचलो."

मग लेकीने विचारलं, "नदीत किती वेळा बुडवलीत तिला?"

एवढ्यात अर्ध्या शटरखालून वाकून एक गिऱ्हाईक आत आलं. हातात नवी कोरी डिस्क. सवयीने त्याने ती मास्टरांच्या हाताशी धरली. मास्टरांनी हात पुढे केला नाही.

"बस जरा," ते म्हणाले. "लेकीशी बोलतोय."