पाटावरचं पिस्तूल

मित्रांनो, मी एक जुनं पिस्तूल आहे आणि मी रागावलेलो आहे.

जुन्या वस्तू बोलायला लागल्या की त्या रडतात, असा तुमचा अनुभव असेल. छत्री रडते, घड्याळ रडतं, शाळेची घंटा रडते. मी रडणार नाही. सध्या मी एका पोलीस ठाण्यात, जप्त केलेल्या वस्तूंच्या खोलीत लोखंडी कपाटात पडून आहे. शेजारी चोरीला गेलेली पाण्याची मोटार आहे. माझ्या पाठीवरच्या खाचेत वाळलेलं कुंकू अडकलं आहे आणि त्या कुंकवात तांदळाचा एक दाणा आहे. देवाला वाहायच्या अक्षता पिस्तुलाच्या अंगात कशा गेल्या, हेच मला सांगायचं आहे. कारण त्या दिवसापासून लोक म्हणतात, पिस्तुलातून गोळी आपोआप सुटली.

मी आपोआप काहीही करत नाही. मला हात नाहीत.

माझा जन्म सरकारी कारखान्यात झाला. पोलादाच्या ठोकळ्यातून मला कोरून काढलं, घासलं, तेल पाजलं. माझी रचना तुम्हाला साध्या शब्दांत सांगतो, कारण ती कळल्याशिवाय माझा राग कळणार नाही. माझ्या मुठीत गोळ्यांची एक चपटी डबी बसते, तिला मॅगझिन म्हणतात. माझ्या पाठीवर एक सरकणारा भाग आहे, ती स्लाइड. स्लाइड मागे ओढून सोडली की डबीतली सगळ्यात वरची गोळी पुढे सरकते आणि नळीच्या मागच्या घरात जाऊन बसते. एकदा ती घरात बसली की मग तुम्ही डबी काढून घ्या, नाहीतर विहिरीत फेका, ती गोळी तिथंच असते. हे वाक्य विसरू नका. या एका वाक्यापायी एका बाईचा हात अधू झाला.

फैजपूरजवळच्या एका गावातले लीलाधरभाऊ माझे मालक. केळीचे मोठे बागायतदार. काही लोकांकडून त्यांना धमक्या आल्या, म्हणून त्यांनी रीतसर अर्ज केला, परवाना मिळवला आणि जळगावच्या दुकानातून मला घरी आणलं. खरं सांगतो, सुरुवातीची वर्षं त्यांच्यासारखा मालक शोधून सापडला नसता. सरावाच्या मैदानावर ते विद्यार्थ्यासारखे उभे राहायचे. नळी कायम समोरच्या मातीच्या बांधाकडे. बोट चापावर नाही, चापाच्या कडीबाहेर सरळ ठेवलेलं. समोर काय आहे आणि त्याच्याही मागे काय आहे, हे पाहिल्याशिवाय मला वर उचलायचं नाही. गोळ्या भरायच्या त्या मैदानावरच, नेम धरायची वेळ आली की मगच.

आणि घरी परतण्याआधी रिकामं करायची त्यांची एक ठरलेली रीत होती. आधी मॅगझिन काढून खिशात. मग स्लाइड मागे ओढून तशीच अडकवायची. मग उजेडाकडे धरून माझ्या पोटात डोकावायचं आणि करंगळीचं टोक आत घालून चाचपायचं. डोळ्याला चकवा बसतो, बोटाला बसत नाही, असं ते म्हणायचे. घरी मी एका कुलपात आणि गोळ्या दुसऱ्या कुलपात. दोन्ही किल्ल्या त्यांच्या करगोट्याला.

त्यांच्या पत्नी इंदिराबाई हे सगळं ओसरीवरून पाहायच्या. त्यांचा लाखवातींचा नेम होता. घरच्याच शेतातला कापूस, सरकी काढून पिंजलेला, मांडीवर घेऊन त्या रोज वाती वळायच्या. अंगठा आणि शेजारचं बोट यांत कापूस धरून एकच पीळ, की वात तयार. चातुर्मास लागला की आणखी एक नेम असायचा. तोंडातून खोटा शब्द काढायचा नाही, कुणाचं मन राखायलाही नाही. त्यामुळे त्या चार महिन्यांत पाहुण्याबायका त्यांना आपली नवी साडी दाखवायला बिचकत. नवरा पिस्तूल साफ करतोय आणि बायको वाती वळतेय, दोघंही आपापल्या कामात, दोघंही गप्प. त्या घरात मला कधी स्वतःची लाज वाटली नाही.

मग लोकांनी माझी वाखाणणी सुरू केली आणि तिथंच घात झाला.

धमक्या बंद झाल्या होत्या. मला परत कुलपात ठेवून विसरून जायला हवं होतं. पण कमरेला मी असलो की लग्नाच्या मांडवात पुढची खुर्ची मिळते, हे भाऊंच्या ध्यानात आलं. मुलगा चंदन फोटो काढू लागला. भाऊ केळीच्या ट्रॅक्टरवर आणि कमरेला मी, भाऊ देवळाच्या पायरीवर आणि कमरेला मी. मैदानावरचा सराव बंद पडला. तेल पडेना. घाम, धूळ आणि केळीच्या चिकाचे डाग अंगावर घेऊन मी फिरत होतो. लोक म्हणत, काय रुबाब आहे. अरे, कसला रुबाब? बैलाला झूल घालता आणि पाणी पाजत नाही, त्याला रुबाब म्हणतात का? चाप अडवणारी सेफ्टीची कळ लावली की झालं, असंही भाऊ म्हणू लागले. ती कळ म्हणजे काही देव नाही. तीसुद्धा माझ्यासारखीच लोखंडाची आहे, झिजते आणि विसरली जाते.

तरी एक गोष्ट ते पाळत होते. दसऱ्याला शस्त्रपूजेच्या पाटावर मला ठेवायचे ते उघडं आणि रिकामं. केळीचे घड कापायचा कोयता, विळे, ट्रॅक्टरची किल्ली आणि कडेला मी, पोट उघडं टाकून. बंद ठेवलेलं पिस्तूल पुजायचं नाही, असा त्यांचाच नियम होता.

गेल्या दसऱ्याला पहूरहून त्यांच्या थोरल्या बहीण कमलबाई आल्या. सगळे त्यांना अक्का म्हणतात. अक्कांनी पाटावर हळद वाहिली आणि त्यांचा हात माझ्यापाशी थबकला.

"लीलाधर, हे रिकामं कामून ठेवलं रे? रिकाम्या सुपानं ओटी भरली का कधी आपुन?"

"अक्का, हे सूप नव्हे," भाऊ हसून म्हणाले.

"आपले आबा कोयत्याले धार लावून मंग पाटावर ठेवत. बोथट कोयता नई पुजला त्यायनं कधी. भरून ठेव, बापा. सनासुदीले रिकामं पुजू नये."

मित्रांनो, रिकामं पुजू नये हे खरं आहे. कलश भरलेला असावा, ओटी भरलेली असावी, सणाला धान्याची कणगी भरलेली असावी. त्यात वाईट काही नाही. पण मी कलश नाही. रिकामं असणं हीच माझी पवित्र अवस्था आहे, हे त्या घरात एकाच माणसाला माहीत होतं. आणि बहिणीचं मन मोडू नये म्हणून तोच माणूस उठला, दुसऱ्या कुलपातून गोळ्या काढून आणल्या, मॅगझिन भरलं आणि माझ्या मुठीत सारलं. स्लाइड तेवढी ओढली नाही. म्हणजे डबी भरलेली, घर रिकामं. अक्कांचं समाधान झालं. माझ्यावर कुंकू पडलं, अक्षता पडल्या, वरून निरांजनातलं तूपही सांडलं. साफसफाईला वर्षभर कुणाला सवड नव्हती, आणि आता आरती.

संध्याकाळी सोनं द्यायला माणसं आली. आपट्याच्या पानांनी ताट भरलं होतं. शेजारचे तोताराम पाटापाशी वाकले आणि भाऊंना डिवचत म्हणाले, "काहो भाऊ, खरं हाये का खेयन्यातलं? आवाज तं कधी आयकला नई आमी."

चार माणसं हसली. तेवढंसं हसू भाऊंना सोसलं नाही. त्यांनी मला उचललं आणि चारचौघांत तो खटका ऐकवायला स्लाइड खाडकन ओढून सोडली.

त्याच क्षणी गोळी घरात गेली.

मग त्यांनी मॅगझिन काढलं, सगळ्यांना दाखवलं आणि म्हणाले, "हे पाहा, आता रिकामं." जे वर्षानुवर्षं आधी केलं होतं ते नंतर केलं आणि जे नंतर करायचं ते आधी केलं. पोटात डोकावले नाहीत. करंगळी घातली नाही. मी ओरडू शकत नाही, मित्रांनो. ओरडू शकलो असतो तर त्या दिवशी गावाच्या वेशीपर्यंत ऐकू गेलं असतं. त्यांचं बोट, ते सरळ राहायला शिकलेलं बोट, वाकलं आणि चापावर आलं. नळी भिंतीकडे होती. पण इंदिराबाई त्याच वेळी तोतारामांना सोनं द्यायला पुढे झाल्या होत्या, आणि नळीच्या व भिंतीच्या मध्ये त्यांचा उजवा हात आला. हातात आपट्याची पानं होती.

बाई किंचाळल्या नाहीत. त्या खाली बसल्या आणि म्हणाल्या, "अवो, ताट लवंडलं." सून मोहिनीनं पदर फाडून त्यांचा हात बांधला आणि त्यांना गाडीत घालून जळगावच्या दवाखान्यात नेलं.

मी फरशीवर पडलो होतो. जे मागे राहिले त्यांचं बोलणं मी ऐकलं, आणि माझा राग तिथं पेटला. अक्का म्हणाल्या की घराला दृष्ट लागली. तोताराम म्हणाले की नशिबात असतं ते टळत नाही. चंदन म्हणाला की पोलिसांना सांगू, साफ करताना आपोआप गोळी सुटली, म्हणजे पप्पांवर काही येणार नाही आणि पिस्तूलही परत मिळेल. दृष्ट, नशीब आणि मी. इतके गुन्हेगार सापडले, पण बोटाचं नाव कुणी घेतलं नाही. कपडे घ्यायला मोहिनी घरी आली तेव्हा तिनं तेवढं विचारलं, "आपोआप सुटते, तं इतकी वर्षं कपाटात कशी नई सुटली?" चंदननं तिला गप्प केलं. भाऊ भिंतीला टेकून बसले होते, ते काहीच बोलले नाहीत. गप्प राहूनही खोटं बोलता येतं.

हाताच्या जखमा भरत आल्यावर इंदिराबाईंना जबाबासाठी ठाण्यात बोलावलं. सोबत भाऊ आणि मोहिनी होते. बाईंचा उजवा हात गळ्यात अडकवलेला होता. अंगठा आणि शेजारचं बोट आता एकमेकांना टेकत नव्हती. लाखवाती अर्ध्यावर राहिल्या होत्या. चातुर्मास अजून संपायचा होता, आणि बाई आता काय सांगतात त्यावर मी पुन्हा भाऊंच्या घरी जाणार की नाही, हे ठरायचं होतं. भाऊ आधीच सांगून बसले होते की साफ करताना चुकून झालं.

ओळख पटवायला मला बाहेर काढलं. तिथल्या फौजदार ज्योतीताईंनी मला टेबलावर ठेवण्याआधी भिंतीपाशी रचलेल्या वाळूच्या पोत्यांकडे नळी केली. मॅगझिनची जागा पाहिली, ती रिकामीच होती. स्लाइड मागे ओढून अडकवली. आत डोकावल्या, बोट घालून चाचपलं. मग हवालदाराला म्हणाल्या, तुम्हीपण बघा. त्यानंही पाहिलं. तेव्हा कुठं मला टेबलावर ठेवलं.

इंदिराबाई टक लावून पाहत होत्या. त्यांनी विचारलं, "ताई, हे काय केलं तुमी?"

"रिकामं आहे का ते पाहिलं, मावशी."

"पन ते तं रिकामंच होतं ना?"

"होतं. तरी दर वेळी पाहायचं."

"अन् एवढंच करा लागते?"

"एवढंच."

बाईंनी मान वळवून नवऱ्याकडे पाहिलं. आवाज नेहमीसारखाच हळू होता, आरती म्हणताना असतो तसा.

"अवो, एवढंच होतं? हे तं तुमाले येत होतं. पह्यले दर वेयी करत होते तुमी. मी वाती वयता वयता पाह्यलं हाये."

लीलाधरभाऊंनी डोकं दोन्ही हातांत धरलं. मग ते ज्योतीताईंना म्हणाले, "साहेब, आधीचा जबाब खोटा आहे. चाप मी ओढला. आत पाहिलं नाही. लिहून घ्या." मला परत मागणार नाही, असंही त्यांनी पुढं सांगितलं. मोहिनीनं सासूबाईंच्या खांद्यावरचा पदर नीट केला आणि म्हणाली, "आई, आता वाती मी वयते. तुमी फक्त मोजा."

निघताना इंदिराबाई माझ्यापाशी थांबल्या. जुन्या सवयीनं त्यांचे हात नमस्कारासाठी वर आले. डावा आला, उजवा निम्म्यावरच राहिला. त्यांनी दोन्ही हात खाली घेतले आणि त्या वळल्या.

तेच बरोबर केलं, बाई. मला नमस्कार नकोच आहे.

मुलांनो, माझ्यासारखं काही तुम्हाला कपाटात, गादीखाली किंवा पाटावर दिसलं, तर हात लावू नका. मित्र म्हणाला रिकामं आहे, तरी नको. त्या खोलीतून बाहेर या आणि मोठ्या माणसाला सांगा. आणि मोठ्या माणसांनो, तुमच्याशी मी गोड बोलणार नाही. माझ्यावर कुंकू वाहू नका. मला मांडवात मिरवू नका. कुणाचं मन राखायला मला भरू नका. तुमच्या हातून काही झालं तर ते माझ्या आणि नशिबाच्या माथी मारू नका. मला हातात घ्याल तेव्हा नळी माणसांपासून दूर धरा, बोट चापाबाहेर ठेवा, आधी मॅगझिन काढा, मग स्लाइड उघडा आणि आत बघा. पुन्हा बघा. काल पाहिलं असलं तरी आज बघा.

एवढंच.