मेल्यावर एकदा हसायचं

"डोळे मिटा काका, आणि ओठ चावू नका. रंग सगळा पोटात चाललाय," मी म्हणाले.

लाइल ब्रॅनिगनने निमूट डोळे मिटले. रॉटरडॅम बंदरातल्या एका रिकाम्या गोदामात शूटिंग होतं. मला मेकअपसाठी पत्र्याचा आडोसा करून दिला होता, आणि पत्र्यापलीकडे पाणी सारखं धक्क्यावर आपटत होतं. आज लाइलकाका मरणार होते. सिनेमाचा शेवटचा शॉट तोच, मग पॅकअप.

त्यांना मरायची सवय होती. मूळचे अमेरिकन. उमेदीत न्यूयॉर्कला नाटकं केली, मग सिनेमा, मग टीव्ही. बारमधला माणूस, खाटीक, चिडका न्यायाधीश, नको तेव्हा दार उघडणारा शेजारी. बहुतेक वेळा मध्यंतराच्या आतच त्यांचा मुडदा पडायचा. रस्त्यात लोक थांबवून म्हणायचे, तुम्हाला कुठेतरी पाहिलंय, आणि नाव मात्र एकालाही आठवायचं नाही. नाटकाच्या दौऱ्यावर कपडेपट सांभाळणारी इथली एक बाई भेटली, ग्रीट. तिच्याशी लग्न करून ते इथेच राहिले. आता ग्रीटही नव्हती. मी त्यांना काका म्हणायचे, आणि त्यांनी कधी अर्थ विचारला नाही.

मी निशिगंधा. पुण्यातून मुंबईला जाऊन सिरियलींचा मेकअप करायचे. नवरा रुचिर, त्याच्या नोकरीपायी इकडे आले आणि काही वर्षं उइटहॉर्न गावातल्या घरात डिशवॉशर भरत आणि रिकामा करत बसले. मग लग्नाच्या नवऱ्यामुली नटवायला लागले, मग असली छोटी-मोठी शूटिंगं. तोंडाची फटकळ आहे, पण हात हलका आहे असं लोक म्हणतात.

"निशी, या वेळी माझ्या माणसाला नाव आहे," काका मिटल्या डोळ्यांनी म्हणाले. "कॅप्टन वेसल्स. आजवर मी 'दुसरा पोलीस' नाहीतर 'म्हातारा' असायचो. शेवटच्या सीनपर्यंत जगलोय, हे पहिल्यांदाच."

"बोलू नका. गालाला घड्या पडतात."

प्रेताचा रंग मी घरूनच कालवून आणते. राखाडीत थोडा पिवळा, आणि नखांना जांभळा वेगळा. चेहरा झाला, मान झाली. नखांसाठी ब्रश उचलून मी त्यांचा हात हातात घेतला आणि तशीच थांबले. नखं आधीच जांभळी होती. ओठही पुसून बघितले, तेही तसेच.

"काका, डॉक्टरला दाखवलंत का?"

"दाखवलं."

"आणि काय म्हणाला? पॅरासिटामॉल घ्या आणि घरी जा?" इथले हाउसआर्ट्स, म्हणजे फॅमिली डॉक्टर, दुसरं काही सांगत नाहीत, म्हणून मी आपलं थट्टेत विचारलं.

"नेहमी तेच म्हणतो. या वेळी त्याने खुर्ची जवळ ओढून घेतली." त्यांनी डोळे उघडले. "हृदयाचं आहे. ऑपरेशन करू म्हणतोय. मी त्याला म्हटलं, आधी एकदा मरून घेतो, मग येतो."

माणसाने असं बोलू नये, निदान अंगाला तो रंग असताना तरी बोलू नये. मी नखांना काहीच लावलं नाही. तशीच शोभत होती.

शॉट एका दमात झाला. खिडकीशी लोखंडी पलंग, त्यावर कॅप्टन. कॅप्टनने खिडकीकडे बघितलं, एक श्वास आत घेतला आणि बाहेर सोडलाच नाही. दिग्दर्शक योरिस 'कट' म्हणाला तरी काका हलले नाहीत. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मला टाळ्या वाजवता आल्या नाहीत. त्यांची छाती हलली तेव्हाच मी श्वास घेतला.

पोरं लाइट उतरवायला लागली तशी मी मध्ये घुसले. "थांबा. एक शॉट राहिलाय."

योरिस गोंधळून आपल्या कागदात बघायला लागला. मी त्याला समजावलं. आमच्याकडे नट शॉटमध्ये मेला, की तोंडाचा रंग उतरवण्याआधी त्याने कॅमेऱ्याकडे बघून एकदा हसायचं. मग ते मरण सेटवरच राहतं, त्याच्याबरोबर घरी येत नाही. माझे गुरू विश्वासदादा तो शॉट झाल्याशिवाय कुणाच्या तोंडाला हात लावत नसत. एकदा एक नट घाईत तसाच गाडीत जाऊन बसला होता. त्याचं पुढे काय झालं ते मी योरिसला सांगितलं नाही, आणि इथेही सांगणार नाही.

"सुंदर पद्धत आहे," योरिस म्हणाला. "पण कॅमेरा पेटीत गेला, आणि गोदाम आता रिकामं करून द्यायचंय. पुढच्या वेळी नक्की."

सुंदर म्हणे. सुंदरबिंदर काही नाही, भीतीची पद्धत आहे ती. मी फोन काढला आणि पलंगापाशी जाऊन उभी राहिले.

"काका, उठून बसा. माझ्याकडे बघा आणि हसा."

ते हळूहळू उठून बसले. "कुणाचं हसू देऊ?"

"म्हणजे?"

त्यांनी एक हसू काढून दाखवलं. रुंद, दात दाखवणारं.

"हा खाटीक झाला," मी म्हणाले.

दुसरं काढलं, एका बाजूने.

"हा न्यायाधीश. काका, टंगळमंगळ नको. तुमचं हसू हवंय मला."

ते खरोखरच आठवत होते. "माझं कसं असतं, ते मला माहीत नाही, निशी," ते म्हणाले. "ग्रीट हसवायची घरी. तेव्हा समोर आरसा नसायचा."

मी फोन खाली केला नाही. त्यांनी आणखी एकदा प्रयत्न केला, पण मध्येच खोकला आला. खोकला थांबला तेव्हा ते दमून गेले होते. "पुढच्या वेळी," असं म्हणून त्यांनी माझ्या कमरेच्या पट्ट्यातला ओला स्पंज ओढला आणि मी अडवायच्या आत तोंडावरून फिरवला. अर्धा रंग निघाला. एकदा रंग उतरला की मग हसून उपयोग नसतो. मला रडू आवरेना, आणि ते बिचारे माझीच समजूत घालत बसले.

घरी येऊन रुचिरला सांगितलं. तो म्हणाला, "अगं, आजारी माणूस आहे. त्याला डॉक्टर लागतो, शॉट नाही." बरोबरच होतं त्याचं. तरी मी सकाळी फोन करायचे, जेवलात का, गोळ्या घेतल्यात का विचारायचे. ऑपरेशनची तारीख मिळाली होती. मग एका सकाळी काकांच्या नंबरवरून मलाच फोन आला, आणि आवाज बाईचा होता.

"मी जोअन, लाइलची मुलगी. बोस्टनहून आलेय. बाबांच्या फोनमध्ये तुमचा नंबर 'चेहरा' या नावाने आहे."

ऑपरेशनपर्यंत थांबणं त्यांना जमलं नव्हतं.

त्यांना घरीच ठेवलं होतं, त्यांच्याच खोलीत, इथे ठेवतात तसं. पाठीखालचं अंग गार ठेवायचं यंत्र बारीक आवाज करत होतं. टेबलावर जोअनने फोटो पसरले होते. बारमधला माणूस, खाटीक, न्यायाधीश, गोळी लागलेला, पाण्यातून काढलेला.

"अंत्यविधीला लावायला एक हसरा हवा होता," ती म्हणाली. "इतके फोटो आहेत, आणि एकातही बाबा नाहीत. तुमच्याकडे आहे का?"

"काढायला गेले होते," मी म्हणाले. "मिळाला नाही."

"अंत्यविधीवाल्यांनी चेहरा केलाय, पण आणखी एक भूमिका केल्यासारखं वाटतंय. तुम्ही बघाल का?"

मी त्या लोकांचा रंग पुसून काढला. माझी राखाडी डबी पेटीतच राहू दिली. जिवंत माणसाला लावतात तो रंग लावला, गालांवर किंचित लाली, भुवया विंचरल्या, शर्टाची कॉलर नीट केली. नखांना गुलाबी लावला. सवयीने म्हणाले, "ओठ चावू नका."

काम झाल्यावर दोन पावलं मागे सरले. हात आपोआप खिशात गेला, फोन बाहेर आला, आणि मी तो धरून उभी राहिले.

"झालं नाही का अजून?" जोअनने विचारलं.

"झालं," मी म्हणाले. हात मात्र खाली येईना. "त्यांचं एकदा हसायचं राहिलंय."

ती माझ्या शेजारी येऊन उभी राहिली, आणि आम्ही दोघी थोडा वेळ थांबलो.