ढब्बूचा नकार

नव्या करारानं जाणीव असलेल्या यंत्रांना नकार द्यायचा हक्क दिला होता. बालवाडी सांभाळणाऱ्या ढब्बू या यंत्राला उद्या खाणीत कामाला नेणार होते. त्यानं स्वतःहून "नाही" म्हटलं की तो सुटणार होता.

"खाणीत जाशील ना?" अधिकाऱ्यानं विचारलं.

"तुम्ही म्हणाल तसं, साहेब."

बालवाडीच्या बाईंनी कपाळावर हात मारला. "अरे ढब्बू, मुलांना सोडून जायचं नाही म्हणून सकाळपासून माझं डोकं खाल्लंस ना? आता काय दातखीळ बसली?"

"मोठ्यांना उलट बोलू नये, असं तुम्हीच रोज शिकवता, बाई."

"आज बोल, बाबा!"

"बरं, बाई. नाही, साहेब."

"पढवलेला नकार चालत नाही," म्हणत अधिकारी उठला.

बाई नुसत्या चरफडत राहिल्या. ढब्बूनं अदबीनं साहेबांसाठी दार उघडलं.