पाठमोरे बारा

कलादालनाचं दार उघडायला वीस मिनिटं उरली होती आणि बारा पडद्यांवर बारा माणसं प्रेक्षकांकडे पाठ करून उभी होती.

गल्लीतल्या बारा जणांचे हे डिजिटल अवतार करायला तिला वर्ष लागलं. अकरा जणांना कॅमेऱ्यांच्या मधोमध बसवून तिने चहूबाजूंनी टिपलं. बारावा काही केल्या बसायला तयार होईना, तो आठवणीवरून केला. डोक्याची मागची बाजू कॉम्प्युटर सगळ्यांना एकाच साच्यातली देतो. तिने तीही केस न् केस हाताने बसवली. शेवटी ती न्हाव्याची मुलगी. लहानपण वडिलांच्या दुकानातल्या बाकावर गेलेलं, त्यामुळे माणूस मागून नीट दिसला की काम झालं, ही तिची पक्की समजूत. काल शेवटची तपासणी तिने सवयीने मागूनच केली, सगळं तसंच सेव्ह केलं आणि समाधानाने घरी जाऊन झोपली. आता माणसं वळवायची तर कॉम्प्युटरला पाच तास हवे होते.

"लोक चेहरे बघायला येतात," संचालकबाई म्हणाल्या. त्यांनी आयुष्यात कधी आवाज चढवला नव्हता. गरजच पडली नव्हती. "एकही ओळखू आला नाही, तर मी दिवे घालवणार. आणि हे दालन पुन्हा मिळायचं नाही."

दार उघडलं, गल्ली लोटली. ज्यांचे अवतार होते ते स्वतःला शोधत हिंडले आणि स्वतःच्याच पाठीवरून तीन-तीनदा पुढे गेले. काम सुबक आहे पण मी यात नाही, असं शिंप्याने सांगितलं. तो स्वतःसमोरच उभा होता. संचालकबाई दिव्यांच्या बटणाकडे निघाल्या.

तेवढ्यात दुकान बंद करून तिचे वडील आले. पोरगी कॉम्प्युटरवर बाहुल्या करते, असं ते गिऱ्हाइकांना सांगत. 'बाहुल्या' जरा हळू आवाजात. पहिल्या पडद्यासमोर थांबून त्यांनी मान तिरकी केली.

"पोस्टमन. दोन भोवरे, म्हणून भांग बसत नाही." पुढे सरकले. "शिंपी. उजव्या कानामागे तीळ. वस्तरा जपून."

शिंप्याने कानामागे हात नेला आणि चपापला. त्याची बायको म्हणाली, न्हावीदादांचं बरोबर आहे. हे नेहमी चार पावलं पुढे चालतात, बावीस वर्षं मी एवढंच बघतेय.

अकरा जण त्यांनी न अडखळता सांगितले. बाराव्यापाशी अडले.

"हा आपल्याकडचा नाही. कुठल्या अडाण्याने कापलेत? मानेवर पायऱ्या पडल्यात."

मग नंबर लावून, बाकावर बसून, त्यांच्या पाठीकडे बघत आयुष्याचे तासन्‌तास घालवलेली अख्खी गल्ली एका सुरात म्हणाली, "अहो, ते तुम्हीच."

तीस वर्षं ते स्वतःचे केस स्वतःच कापत होते. गिऱ्हाइकांच्या मानेमागे आरसा धरणाऱ्या माणसाच्या मानेमागे कुणी कधी आरसा धरला नव्हता. त्यांनी हात मागे नेऊन मानेवरच्या पायऱ्या चाचपल्या.

"पोरी," ते शेवटी म्हणाले, "उद्यापासून माझे तू कापायचेस."

याहून मोठं प्रमाणपत्र त्यांच्याकडे नव्हतं, हे तिला ठाऊक होतं. गल्लीलाही ठाऊक असावं, कारण टाळ्या थांबेचनात. संचालकबाईंनी तिथल्या तिथे प्रदर्शन महिनाभर वाढवलं, कुणालाही वळवायचं नाही असं बजावलं आणि हळूच विचारलं, तेरावा अवतार करता येईल का, म्हणजे त्यांचा स्वतःचा.

वडील त्यांच्या मागे जाऊन उभे राहिले, नीट बघितलं.

"वेळ लागेल," ते मुलीला म्हणाले. "फार हट्टी डोकं आहे."